घंटा, कुत्रा आणि 'अट' : इव्हान पावलोव्ह यांचा अभ्यास करताना

पावलोव्ह म्हटलं की बहुतेकांना तीनच गोष्टी आठवतात : कुत्रा, घंटा आणि लाळ. 'अभिजात अभिसंधानाचा पावलोव्ह यांचा प्रयोग आकृतीसह स्पष्ट करा' असा प्रश्न पेपरात येतो आणि एका माणसाची साठ वर्षांची मेहनत आपण दीड पानात उरकून टाकतो. मी हा धडा वर्गात शिकवते, त्यामुळे ते दीड पान माझ्या चांगल्या ओळखीचं आहे. त्यात चुकीचं फारसं काही नसतं, पण मुख्य गोष्ट मात्र निसटते. ती मुख्य गोष्ट एका शब्दात आहे आणि आपलं मंडळ भाषेचं असल्यामुळे त्या शब्दापासूनच सुरुवात करते.

पावलोव्ह यांनी आपल्या शोधाला रशियन भाषेत 'उस्लोव्नी रिफ्लेक्स' असं नाव दिलं. 'उस्लोविये' म्हणजे अट, शर्त. म्हणजे त्यांना म्हणायचं होतं : अटीवर अवलंबून असलेली प्रतिक्षिप्त क्रिया. इंग्रजी अनुवादात या विशेषणाचं रूप बदललं आणि अर्थ सरकला. 'अटीवर अवलंबून असलेली' याऐवजी 'संस्कार करून घडवलेली' असा सूर त्यात आला. आपली 'अभिसंधित' ही मराठी संज्ञा इंग्रजीवरून आली, त्यामुळे तिच्यातही तोच सूर आहे. फरक लहान दिसतो, पण परिणाम मोठा आहे. 'घडवलेली' म्हटलं की कुणीतरी घडवणारा आणि कुणीतरी मुकाट घडणारा, असं चित्र उभं राहतं. 'अटीवर अवलंबून असलेली' म्हटलं की प्रश्न पडतो : अट कोणती? ती कधी जुळते, कधी मोडते? पावलोव्ह यांनी आयुष्याची शेवटची पस्तीस वर्षं या प्रश्नांमागे घालवली.

धर्मगुरूचा मुलगा

इव्हान पेत्रोविच पावलोव्ह यांचा जन्म 26 सप्टेंबर 1849 रोजी मॉस्कोच्या आग्नेयेला असलेल्या रियाझान या गावी झाला. वडील प्योत्र ऑर्थोडॉक्स चर्चचे धर्मगुरू. (ऑर्थोडॉक्स परंपरेत पॅरिशचे धर्मगुरू विवाहित असू शकतात, हे आपल्याकडच्या कॅथलिक वाचकांसाठी सांगितलेलं बरं.) इव्हान हे थोरले. लहानपणी ते उंचावरून पडले, तब्येत बरीच खालावली आणि शाळा अकराव्या वर्षापर्यंत लांबली. त्या काळात त्यांचे धर्मपिता, जे जवळच्या मठाचे प्रमुख होते, त्यांनी या मुलाला आपल्याकडे नेलं, वाचनाची गोडी लावली आणि शरीर कमवायला शिकवलं. शिस्तबद्ध दिनक्रम आणि अंगमेहनतीची आवड ही तेव्हापासूनची, ती म्हातारपणापर्यंत टिकली.

पुढे ते रियाझानच्या धर्मशिक्षणाच्या सेमिनरीत गेले. घराण्याच्या रीतीप्रमाणे तेही धर्मगुरू व्हायचे. पण ती 1860 ची दशकं होती. रशियात भूदास-प्रथा 1861 मध्ये संपली होती आणि तरुणांमध्ये विज्ञानाचं वारं शिरलं होतं. पिसारेव्ह यांच्या लेखांतून डार्विन लोकांपर्यंत पोचत होता. 1863 मध्ये इव्हान सेचेनॉव्ह यांचा 'मेंदूच्या प्रतिक्षिप्त क्रिया' हा निबंध प्रसिद्ध झाला. सेचेनॉव्ह यांनी त्याआधी बेडकावर प्रयोग करून दाखवलं होतं की मेंदू केवळ क्रिया सुरू करत नाही, तर ती आवरूनही धरतो. निबंधात त्यांनी पुढचं पाऊल टाकलं : आपण ज्याला विचार म्हणतो, तोही अशा क्रियांच्या साखळीतूनच समजून घेता येईल. सरकारी सेन्सॉरला हे पुस्तक धोकादायक वाटलं. तरुण पावलोव्ह यांना मात्र त्यातून वाट सापडली. सेमिनरी अर्धवट सोडून 1870 मध्ये ते सेंट पीटर्सबर्ग विद्यापीठात दाखल झाले.

त्यांच्या धर्मश्रद्धेबद्दल दोन्ही बाजूंनी बरंच काही सांगितलं जातं. काही जण त्यांना नित्यनेमाने चर्चमध्ये जाणारे भाविक ठरवतात, तर काही जण धर्माविरुद्ध झेंडा घेतलेले नास्तिक. दोन्ही चित्रं खोटी आहेत. सेमिनरीत असतानाच आपली श्रद्धा गेली, असं ते स्वतः सांगत. पण धर्माची टवाळी त्यांनी कधी केली नाही. त्यांच्या पत्नी सेराफिमा अखेरपर्यंत श्रद्धाळू राहिल्या आणि घरात त्या श्रद्धेचा मान राखला गेला. ही गोष्ट पुढे उपयोगी पडणार आहे, म्हणून लक्षात ठेवा.

पोटापासून सुरुवात

पावलोव्ह हे मानसशास्त्रज्ञ नव्हते आणि तसं कुणी म्हटलेलं त्यांना आवडतही नसे. ते शरीरक्रियाशास्त्रज्ञ होते. शिक्षण संपल्यावर बरीच वर्षं ओढग्रस्तीची गेली. 1881 मध्ये लग्न झालं, पहिलं मूल लहानपणीच दगावलं, कधी कधी भाड्याचे पैसेही नसत. भाऊ द्मित्री रसायनशास्त्रज्ञ मेंडेलीव्ह यांच्याकडे सहायक होता, त्याचा आधार मिळे. त्या दिवसांतला एक किस्सा चरित्रकार सांगतात : विद्यार्थ्यांनी आपसात वर्गणी काढून व्याख्यानांच्या खर्चाच्या निमित्ताने पावलोव्ह यांना पैसे दिले, म्हणजे घरखर्चाला थोडी मदत होईल. त्यांनी त्या पैशांतून प्रयोगासाठी कुत्रे आणले!

1884 ते 1886 या काळात त्यांनी जर्मनीत ब्रेस्लाऊला हायडेनहाइन आणि लाइपझिगला कार्ल लुडविग यांच्याकडे काम केलं. 1890 मध्ये त्यांना लष्करी वैद्यकीय अकादमीत प्राध्यापकपद मिळालं आणि 1891 पासून प्रायोगिक वैद्यक संस्थेत शरीरक्रियाशास्त्राचा विभाग. तेव्हा ते बेचाळीस वर्षांचे होते. खरं काम इथून पुढे झालं.

तोपर्यंत पचनाचा अभ्यास बहुधा भूल दिलेल्या, नुकत्याच चिरलेल्या प्राण्यावर होत असे. पावलोव्ह म्हणाले, अशा अवस्थेत जे दिसतं ते निरोगी प्राण्याचं वागणं नव्हे. त्यांनी वेगळी पद्धत बसवली : माणसासारखी काळजी घेऊन, निर्जंतुक वातावरणात शस्त्रक्रिया करायची, प्राण्याला पूर्ण बरं होऊ द्यायचं आणि मग तो नेहमीसारखा जगत असताना महिनोन्‌महिने निरीक्षण करायचं.

त्यांचा 'खोट्या जेवणाचा' प्रयोग पाहा. एकाटेरिना शुमोवा-सिमानोव्स्काया या सहकारी स्त्री डॉक्टरबरोबर त्यांनी तो केला आणि 1889 मध्ये प्रसिद्ध केला. कुत्र्याची अन्ननलिका मानेजवळ कापून तिची तोंडं बाहेर जोडलेली, आणि जठराला एक नळी. कुत्रा मांस खातो, गिळतो, पण घास मानेतल्या छिद्रातून परत ताटलीत पडतो. जठरात कणही जात नाही. तरीही साधारण पाच मिनिटांत जठरातून शुद्ध पाचकरस वाहू लागतो. व्हेगस ही चेता कापली की रस थांबतो. म्हणजे पोटाला निरोप अन्नाने दिलेला नाही, मेंदूने दिलेला आहे. भुकेने, चवीने, आवडीने खाणं हा पचनाचाच भाग आहे, हे आपल्या आज्या सांगत आल्या. पावलोव्ह यांनी ते मोजून दाखवलं.

पुढे त्यांनी जठराचाच एक छोटा कप्पा वेगळा केला, पण त्याच्या चेता शाबूत ठेवल्या. हे अवघड होतं आणि कितीतरी प्रयत्न फसल्यावर 1894 मध्ये साधलं. मोठ्या जठरात अन्न पचत असताना या छोट्या कप्प्यात निव्वळ रस गोळा होई. मांस, पाव आणि दूध, तिन्हींसाठी रसाचं प्रमाण, तीव्रता आणि वेळ वेगवेगळी असते, हे त्यातून कळलं. 1897 मध्ये त्यांची पचनग्रंथींवरची व्याख्यानं पुस्तकरूपाने आली आणि 1904 मध्ये नोबेल पारितोषिक मिळालं. नोबेल मिळवणारे ते पहिले रशियन. (दोनच वर्षं आधी वैद्यकातलं हेच पारितोषिक रोनाल्ड रॉस यांना मलेरियावरच्या संशोधनासाठी मिळालं होतं आणि त्यातला महत्त्वाचा शोध सिकंदराबादेत लागला होता, हे आपल्या हैदराबादच्या वाचकांना ठाऊक असेलच.)

याच काळातला एक प्रसंग मला त्यांच्या साऱ्या गौरवापेक्षा मोठा वाटतो. स्वादुपिंडाचा रस चेतांच्या हुकमावरच वाहतो, असं पावलोव्ह ठामपणे मांडत. 1902 मध्ये लंडनमध्ये बेलिस आणि स्टार्लिंग यांनी दाखवलं की सगळ्या चेता कापल्या तरी आम्ल आतड्यात पोचताच स्वादुपिंड रस सोडतं. निरोप रक्तातून जातो. संप्रेरकांचा शोध तो हाच. पावलोव्ह यांनी आपल्याच प्रयोगशाळेत हा प्रयोग पुन्हा करवून घेतला. त्यांचे शिष्य बाबकिन यांनी आठवण लिहून ठेवली आहे : गुरुजी मुकाट्याने पाहत उभे राहिले, आपल्या खोलीत निघून गेले, अर्ध्या तासाने परत आले आणि म्हणाले की त्यांचंच बरोबर आहे, सत्याच्या शोधाचा मक्ता काही आपण घेतलेला नाही. तो अर्धा तास त्यांना किती जड गेला असेल! पण निकाल त्यांनी पुराव्याच्या बाजूने दिला.

पावलांचा आवाज

पचनाच्या अभ्यासात एक अडचण सतत येत होती. कुत्र्याच्या तोंडात अन्न पडण्याआधीच लाळ सुटे : ताटली दिसली की, खाऊ घालणारा माणूस दिसला की, नुसता त्याच्या पावलांचा आवाज आला की. इतरांना हा प्रयोगातला व्यत्यय वाटला असता. पावलोव्ह यांनी त्याला आधी 'मानसिक स्राव' असं नाव दिलं आणि मग त्याचाच पाठलाग सुरू केला.

इथे प्रयोगशाळेत मतभेद झाला. स्नार्स्की नावाचे सहकारी म्हणत, कुत्र्याला वाटतं, आठवतं, तो इच्छा करतो, म्हणून लाळ येते. पावलोव्ह म्हणाले, कुत्र्याला आत काय वाटतं हे तुम्हाला-मला कसं कळणार? आपल्याला थेंब मोजता येतात, वेळ मोजता येते, तेवढ्यावरच बोलायचं. दोघांच्या वाटा वेगळ्या झाल्या. 'वाटलं', 'समजलं', 'ओळखलं' असे शब्द कुत्र्याबद्दल वापरायला पावलोव्ह यांनी प्रयोगशाळेत बंदी केली. त्यानंतर तोलोचिनोव्ह यांच्याबरोबरच्या कामातून नवी दिशा पक्की झाली आणि 1903 मध्ये माद्रिद इथल्या आंतरराष्ट्रीय वैद्यकीय परिषदेत पावलोव्ह यांनी ती जगापुढे मांडली.

आता घंटेबद्दल. प्रयोगशाळेत घंटा कधीमधी वाजली असेल, पण नेहमीची साधनं निराळी होती : मेट्रोनोम म्हणजे संगीतकार लय धरायला वापरतात ते टिकटिक यंत्र, विजेचा गुणगुणता बझर, दिवा, फिरती आकृती, त्वचेवर हलका स्पर्श. कारण सरळ आहे. घंटा कुणी जोरात वाजवतं, कुणी हळू. मेट्रोनोमचे ठोके मात्र मिनिटाला किती हवेत ते ठरवता येतं. ज्याला अट तपासायची आहे, त्याला अट मोजता आली पाहिजे. याच हट्टापायी पुढे मॉस्कोच्या एका संस्थेच्या देणगीतून जाड भिंतींची खास इमारत उभी राहिली, जिच्यात बाहेरचा आवाज शिरू नये अशी व्यवस्था होती. लोक तिला 'शांततेचा मनोरा' म्हणू लागले.

अट जुळते, अट मोडते

परीक्षेच्या उत्तरात आपण पहिला भाग लिहितो : ठोके ऐकवा, लगेच अन्न द्या, असं पुन्हा पुन्हा करा, काही दिवसांनी नुसत्या ठोक्यांनी लाळ येते. इथेच आपण थांबतो. पावलोव्ह यांचं काम इथे सुरू होतं. त्यांनी काय काय पाहिलं, ते सोप्या भाषेत मांडते.

एक, क्रम महत्त्वाचा. ठोके आधी आणि अन्न नंतर असेल तर नातं जुळतं. आधी अन्न आणि मग ठोके, असं केलं तर काही उपयोग होत नाही. ठोक्यांनी पुढची खबर दिली पाहिजे.

दोन, विलोपन. ठोके वाजत राहिले आणि अन्न आलंच नाही, तर लाळ कमी कमी होत शून्यावर येते. पण दुसऱ्या दिवशी पुन्हा ठोके ऐकवले की थोडी लाळ परत येते! म्हणजे जुनं नातं पुसलेलं नव्हतं, आवरून धरलेलं होतं. सेचेनॉव्ह यांनी बेडकात दाखवलेलं 'आवरणं' इथे वेगळ्या रूपात भेटलं. मानसशास्त्रात याला अवरोधन म्हणतात.

तीन, सामान्यीकरण आणि भेद. एका स्वरावर शिकलेला कुत्रा सुरुवातीला जवळच्या स्वरांनाही प्रतिसाद देतो. मग फक्त एकाच स्वरानंतर अन्न दिलं, की तो बारीक फरक करू लागतो.

चार, भोवतालचा प्रभाव. सहकारी एकटा असताना प्रयोग सुरळीत होई. पावलोव्ह मोठ्या उत्सुकतेने बघायला खोलीत आले की फसे. कारण कुत्रा नव्या माणसाकडे कान टवकारून बघत राही. त्यांनी याचाही अभ्यास केला आणि त्याला 'हे काय आहे?' अशी प्रतिक्षिप्त क्रिया म्हटलं.

आता सांगा, हा प्राणी कळसूत्री बाहुली वाटतो का? तो सतत परिस्थिती वाचतो आहे. कशानंतर काय येतं, हे शिकतो आहे आणि परिस्थिती बदलली की आपलं उत्तर बदलतो आहे. 'अट' हा शब्द हरवला की हा सगळा भाग हरवतो.

1917 मधलं एक निरीक्षण तर फारच बोलकं आहे. एक कुत्रा प्रयोगाच्या चौकटीत पट्ट्यांनी बांधून घ्यायला काही केल्या तयार होईना. अन्न समोर असूनही धडपडे, दात मारून पट्टे तोडू बघे. पावलोव्ह यांनी त्याला 'स्वातंत्र्याची प्रतिक्षिप्त क्रिया' असं नाव दिलं. पुढे त्याला फक्त त्या चौकटीतच अन्न द्यायचं असं ठरवलं आणि काही महिन्यांनी तो शांत उभा राहू लागला. भुकेने तो वाकला हे खरं. पण बांधून घेण्याला विरोध हीसुद्धा उपजत गोष्ट आहे, हे त्याच शास्त्रज्ञाने नोंदवून ठेवलं, ज्याच्या नावावर आपण 'हवं तसं वळवता येतं' असं तत्त्वज्ञान खपवतो.

वर्तुळ, लंबवर्तुळ आणि पूर

शेंगर-क्रेस्तोव्निकोव्हा या संशोधिकेने एका कुत्र्याला शिकवलं : वर्तुळ दिसलं की अन्न, लंबवर्तुळ दिसलं की नाही. मग लंबवर्तुळ हळूहळू वर्तुळाच्या जवळ आणलं. दोन अक्षांचं प्रमाण 9 : 8 पर्यंत आलं तेव्हा फरक करणं जवळपास अशक्य झालं. आतापर्यंत शांत असलेला कुत्रा विव्हळू लागला, गरगर फिरू लागला, उपकरणं चावू लागला, आणि आधी सहज जमणारा सोपा फरकही त्याला जमेना. न त्याला कुणी मारलं होतं, न उपाशी ठेवलं होतं. उत्तर देणं भाग, पण प्रश्न सुटण्यापलीकडचा, एवढंच घडलं होतं. याला पावलोव्ह यांनी 'प्रायोगिक मज्जाविकृती' म्हटलं.

23 सप्टेंबर 1924 रोजी लेनिनग्राडला मोठा पूर आला. तळमजल्यावरच्या पिंजऱ्यांत पाणी भरलं, कुत्रे छताशी नाक धरून पोहत राहिले आणि कसेबसे वाचवले गेले. त्यानंतर काही कुत्र्यांची शिकलेली नाती विस्कटून गेली. ती महत्प्रयासाने परत बसवली. मग एका कुत्र्याच्या खोलीत दाराखालून थोडंसं पाणी सोडून बघितलं आणि सगळं पुन्हा कोसळलं. मोठ्या आघातानंतर माणसं वरून बरी दिसतात आणि एखाद्या आवाजाने, वासाने पुन्हा हादरतात, हे आज आपण जाणतो. त्याकडे बघण्याची एक शास्त्रीय वाट या पुराने उघडली. त्याच पुरात बुडालेले सगळे कुत्रे सारखे हादरले नव्हते. स्वभावभेदाचा अभ्यासही त्यामुळे पुढे गेला.

भीतीवरच्या आजच्या उपचारांत ज्याची भीती वाटते त्याला सुरक्षित वातावरणात थोडं थोडं सामोरं जायला सांगतात. मुळाशी विलोपनाचंच तत्त्व आहे. जुनी भीती कधीतरी परत डोकावते, याचं कारणही दुसऱ्या दिवशी परत आलेल्या त्या लाळेत सापडतं. असं झालं की विद्यार्थी म्हणतात, 'माझे सगळे प्रयत्न वाया गेले.' वाया गेलेले नसतात. आवरायला शिकणं चालू असतं, त्याला वेळ लागतो.

सत्तेसमोर

1917 च्या क्रांतीनंतर पावलोव्ह यांनी सगळं गमावलं. नोबेलचे पैसे गेले, खायला-जाळायला नव्हतं, प्रयोगशाळेतले कुत्रे उपासमारीने मेले. 1920 मध्ये त्यांनी देश सोडण्याची परवानगी मागितली. लेनिन यांना असा माणूस बाहेर जाऊ द्यायचा नव्हता. 24 जानेवारी 1921 रोजी त्यांच्या सहीने खास आदेश निघाला : पावलोव्ह यांना कामासाठी उत्तमोत्तम सोयी द्या. पुढे कोल्तुशी इथे त्यांच्यासाठी संशोधनाचं अख्खं गावच वसवलं गेलं.

अन्न दिलं की प्राणी चौकटीत शांत उभा राहतो, हे ज्याने लिहिलं, त्याच्यावरच आता तो प्रयोग सुरू होता असं म्हटलं तर चालेल. तो शांत उभा राहिला का? 1924 च्या सुमारास लष्करी वैद्यकीय अकादमीतून धर्मगुरूंच्या मुलांना, केवळ ते धर्मगुरूंची मुलं म्हणून, काढून टाकायला सुरुवात झाली. पावलोव्ह यांनी आपलं प्राध्यापकपद सोडलं. मीही धर्मगुरूचाच मुलगा आहे, त्यांना काढत असाल तर मीही जातो, अशी त्यांची भूमिका होती. श्रद्धा त्यांनी केव्हाच सोडली होती. स्वतःच्या धर्मासाठी भांडणं सोपं असतं. जो धर्म आपला उरला नाही, त्याच्या लेकरांसाठी पंचाहत्तरीत खुर्ची सोडणं, याला वेगळं धैर्य लागतं. आपल्यासारख्या, निरनिराळ्या धर्मांची मुलं एका बाकावर बसतात अशा महाविद्यालयात हा प्रसंग अभ्यासक्रमाबाहेरचा म्हणून सोडून देऊ नये, असं मला वाटतं.

1927 मध्ये त्यांनी बुद्धिजीवींच्या छळाविरुद्ध स्टालिन यांना लिहिलं. 1934 मध्ये किरोव्ह यांच्या खुनानंतर धरपकड वाढली, तेव्हा मोलोतोव्ह यांना पत्रं लिहून दहशतीचा निषेध केला आणि अटक झालेल्या माणसांसाठी शब्द टाकला. मात्र चित्र एकरंगी नाही. त्यांनी सरकारचा पैसा घेतला आणि अखेरच्या काळात, विशेषतः 1935 च्या आंतरराष्ट्रीय शरीरक्रियाशास्त्र परिषदेत, विज्ञानाला दिलेल्या पाठबळाबद्दल सरकारचं जाहीर कौतुकही केलं. त्यांच्या कीर्तीचं कवच त्यांना होतं, ते इतरांना नव्हतं. हे सगळं एकत्र ठेवूनच त्यांच्याकडे पाहायला हवं. 27 फेब्रुवारी 1936 रोजी न्यूमोनियाने त्यांचं निधन झालं, तेव्हा ते 86 वर्षांचे होते. त्याच्या थोडं आधी तरुण संशोधकांना लिहिलेल्या पत्रात त्यांनी तीन गोष्टी मागितल्या होत्या : पायरी न गाळता पुढे जाणं, नम्रता आणि झोकून देणं.

कुत्र्यांचं ऋण

या कामाची किंमत कुत्र्यांनी मोजली, हे लपवण्यात अर्थ नाही. कित्येक शस्त्रक्रियांत मेले, कित्येक आयुष्यभर शरीरात नळ्या घेऊन जगले. आजच्या नियमांत यातले बरेच प्रयोग बसणार नाहीत आणि ते योग्यच आहे. पावलोव्ह यांना हे ऋण कळत होतं. 1935 मध्ये प्रायोगिक वैद्यक संस्थेच्या आवारात कुत्र्याचं स्मारक उभं राहिलं. त्यावरच्या मजकुराचा आशय असा : माणसाचा हा प्राचीन मित्र विज्ञानासाठी बळी जातो, तेव्हा त्याला विनाकारण यातना होऊ न देणं हे आपल्या माणूसपणाला शोभणारं आहे. एवढ्याने हिशेब फिटतो का? मला तसं वाटत नाही. पण हिशेब आहे, एवढं तरी त्यात मान्य केलेलं आहे.

शब्द : खुणांची खूण

शेवटचा मुद्दा भाषेच्या विद्यार्थ्यांसाठी. उतारवयात पावलोव्ह यांनी माणूस आणि प्राणी यांतला एक फरक मांडला. कुत्र्यासाठी ठोके ही अन्नाची खूण असते. माणसाजवळ त्याशिवाय शब्द असतात आणि शब्द ही खुणांचीही खूण आहे. त्याला ते 'दुसरी संकेतव्यवस्था' म्हणत. समोर काही नसताना मी 'चिंच' असं नुसतं लिहिलं तरी तुमच्या तोंडाला पाणी सुटलं असेल. 'तोंडाला पाणी सुटणं' हा वाक्प्रचार घडवणाऱ्या मराठी माणसाने अर्धा प्रयोग आधीच करून ठेवला होता म्हणायचा!

पण शब्दांनी फक्त लाळ सुटत नाही. एखादं आडनाव, एखाद्या भाषेचं नाव, गावाच्या नावाचा एखादा उच्चार कानावर पडला की कपाळाला आठी पडते किंवा छाती धडधडते. आपण सीमेवरचे, परप्रांतांत पिढ्यान्‌पिढ्या राहिलेले लोक. हे आपल्याला कुणी शिकवायला नको. हा माझा स्वतःचा विस्तार आहे, पावलोव्ह यांनी असं लिहिलेलं नाही. तरी त्यांच्या कामातून मी एवढं घेते की ही आठी उपजत नसते. कधीतरी, कुठल्यातरी अटींमध्ये दोन गोष्टी एकापाठोपाठ आल्या आणि नातं जुळलं. ज्या अटींवर ते जुळलं त्या ओळखल्या, वेगळा अनुभव पुन्हा पुन्हा घेतला, तर ते आवरायला शिकता येतं. एका दिवसात होत नाही, आणि जुनी आठी अधूनमधून परत येते. तरी शिकता येतं.

पुढच्या वेळी पेपरात तो प्रश्न आला तर आकृती जरूर काढा, घंटाही काढा, गुण जाऊ देऊ नका. फक्त खाली एक वाक्य जास्तीचं लिहा : हा प्रतिसाद अटीवर अवलंबून असतो.

मंडळाच्या चर्चेसाठी

1. 'अभिसंधित', 'सशर्त', 'अटीवर अवलंबून' यांपैकी मराठी पाठ्यपुस्तकात कोणती संज्ञा असावी? का?
2. विलोपन म्हणजे विसरणं नव्हे, हे आपल्या अनुभवातल्या एका उदाहरणाने स्पष्ट करा.
3. कुत्र्याबद्दल 'त्याला वाटलं' असं म्हणायला पावलोव्ह यांनी बंदी केली. साहित्यात आपण प्राण्यांच्या मनातलं लिहितो. दोन्ही भूमिका एकाच वेळी योग्य असू शकतात का?
4. ज्या सत्तेकडून सोयी मिळतात, तिच्याविरुद्ध बोलण्याचा हक्क आणि जबाबदारी यांबद्दल पावलोव्ह यांच्या वागण्यावरून काय म्हणता येईल?